रेडिओवर बेसबॉल: हवेत फुकट, फोनवर वर्गणी, असं का?

२७ ऑक्टोबर २०२५ ला लॉस एंजेलिसमध्ये डॉजर्स आणि टोरोंटो ब्लू जेज यांच्यात वर्ल्ड सीरिजचा, म्हणजे बेसबॉलच्या अंतिम मालिकेचा, तिसरा सामना झाला. नऊ डावांत संपायचा तो अठरा डाव चालला, ६ तास ३९ मिनिटं. डॉजर्सच्या फ्रेडी फ्रीमनच्या होम रनने, म्हणजे कुंपणापार मारलेल्या फटक्याने, निकाल लागला तेव्हा टोरोंटोत पहाटेचे तीन वाजत आले होते आणि भारतात दुपारचे बारा वाजून गेले होते. इतका वेळ पडद्याला डोळे लावून कोण बसणार? सकाळी कामावर जायचं असतं, गाडी चालवायची असते, शेजारच्या खोलीत मुलं झोपलेली असतात. अमेरिकेत शंभर वर्षांहून अधिक काळ माणसं हा खेळ कानांनी पाहत आली आहेत, त्यामागे हे साधं कारण आहे.

डॉजर्सचा जपानी खेळाडू शोहेई ओहतानी याच्या निमित्ताने या खेळाकडे नव्याने वळलेल्या माणसाला मात्र लवकरच एक कोडं पडतं. न्यू जर्सीत गाडीतल्या रेडिओवर यँकीजचा सामना छान लागलेला असतो. घरी येऊन फोनवर त्याच स्टेशनचा इंटरनेटवरचा प्रवाह (स्ट्रीम) लावला की सामन्याऐवजी भलताच गप्पांचा कार्यक्रम ऐकू येऊ शकतो, विशेषतः आपण गावाबाहेर असलो तर. स्टेशन तेच, वेळ तीच. ॲप बिघडलेलं नसतं. हे एकदा समजलं की कुठला सामना कुठे, किती पैशांत ऐकता येईल, हे आपलं आपल्याला ताडता येतं.

प्रत्येक संघाचा आपला आवाज

आपल्याकडे क्रिकेटचं धावतं समालोचन म्हटलं की आकाशवाणी. बाळ ज. पंडितांचं मराठी समालोचन ऐकत वाढलेल्या पिढीला सामना एक, समालोचन एक, सगळ्यांसाठी तेच, याची सवय आहे. बेसबॉलमध्ये तसं नाही. मेजर लीग या तिथल्या सर्वोच्च स्पर्धेत ३० संघ आहेत, प्रत्येक संघ हंगामात १६२ सामने खेळतो आणि प्रत्येक संघाचे स्वतःचे समालोचक असतात. ते आपल्या संघाबरोबर गावोगाव फिरतात. त्यामुळे एकाच सामन्याची किमान दोन रेडिओ समालोचनं एकाच वेळी चालू असतात: एक यजमानांचं, एक पाहुण्यांचं. स्पॅनिशमधलं असेल तर ते आणखी वेगळं. डॉजर्सचे स्पॅनिश समालोचक हाइमे हारीन १९५९ पासून २०२२ पर्यंत त्या कामावर होते, यावरून त्या श्रोतृवर्गाचा आवाका कळावा.

संघाचं समालोचन ज्या मुख्य स्टेशनवरून निघतं त्याला फ्लॅगशिप म्हणतात. आसपासच्या गावांतली छोटी स्टेशनं तेच पुढे प्रसारित करतात. २०२५ च्या हंगामात यँकीज ६६० एएम आणि १०१.९ एफएमवर, मेट्स ८८० एएमवर, सॅन फ्रान्सिस्को जायंट्स ६८० एएमवर, शिकागो कब्ज ६७० एएमवर, डॉजर्स ५७० एएमवर आणि ब्लू जेज ५९० एएमवर होते. करार बदलतात, म्हणून हंगामाच्या सुरुवातीला संघाच्या संकेतस्थळावर स्टेशनांची यादी एकदा बघून घ्यावी. तिथे आपल्या गावाजवळचं छोटं स्टेशनही सापडतं.

वर्ल्ड सीरिजचं देशभराचं समालोचन १९९८ पासून ईएसपीएन रेडिओकडे आहे. तरीही खेळणाऱ्या दोन्ही संघांच्या फ्लॅगशिपला आपल्या समालोचकांचं समालोचन लावता येतं. छोट्या स्टेशनांना ती मुभा नसते. हंगामभर जो आवाज ऐकला, तोच शेवटच्या रात्री हवा असेल तर थेट फ्लॅगशिप लावायचं.

फुकट ऐकवलं तर मैदानात कोण येईल?

ही शंका नवी नाही. मेजर लीगचा पहिला सामना रेडिओवर गेला तो ५ ऑगस्ट १९२१ ला, पिट्सबर्गच्या केडीकेए स्टेशनवरून. हॅरोल्ड आर्लिन यांनी समालोचन केलं आणि पायरेट्सनी फिलीजना ८-५ असं हरवलं. पुढे बऱ्याच मालकांना भीती वाटू लागली की घरबसल्या सामना मिळाला तर तिकीट कोण काढणार. न्यूयॉर्कच्या तीन संघांनी, म्हणजे यँकीज, जायंट्स आणि ब्रुकलिन डॉजर्स यांनी (शेवटचे दोन तेव्हा न्यूयॉर्कमध्येच होते), आपसांत ठरवून रेडिओला दाराबाहेर ठेवलं होतं. १९३९ मध्ये ब्रुकलिनने रेड बार्बर या समालोचकाला आणलं आणि ती बंदी मोडली. रेडिओने गर्दी घटत नाही, उलट ज्याने कधी मैदान पाहिलं नाही त्याला आत यावंसं वाटतं, हे नंतरच्या वर्षांत मालकांनाही पटलं. आज एकही संघ रेडिओशिवाय नाही.

एएम रात्री इतकं लांब कसं पोचतं?

एएम म्हणजे आपल्याकडचा मीडियम वेव्ह. दिवसा या लहरी जमिनीलगत जातात. वर आकाशात गेलेल्या लहरी वातावरणाच्या एका खालच्या थरात शोषल्या जातात. हा थर सूर्यप्रकाशामुळे तयार होतो. सूर्य मावळला की तो विरतो आणि लहरी आणखी वरच्या थरापर्यंत जाऊन तिथून परत जमिनीकडे वळतात. म्हणून दिवसा शंभर-दीडशे किलोमीटरवर दम तोडणारं स्टेशन रात्री हजार किलोमीटरवरही ऐकू येऊ शकतं. अमेरिकेत एएम स्टेशनला जास्तीत जास्त ५०,००० वॅट शक्तीची परवानगी आहे. एवढ्या शक्तीच्या काही स्टेशनांचा मार्ग रात्री मोकळा राहावा म्हणून इतर अनेक स्टेशनांना रात्री शक्ती कमी करावी लागते.

याचा सर्वांत मोठा फायदा सेंट लुईस कार्डिनल्सना झाला. १९६२ मध्ये ह्यूस्टनला आणि १९६६ मध्ये अटलांटाला संघ येईपर्यंत दक्षिणेतल्या राज्यांना जवळचा असा मेजर लीगचा संघच नव्हता. त्यांच्यासाठी रात्रीच्या हवेतून येणारा सेंट लुईसचा आवाज हाच आपला संघ. १९५५ पासून, मधली पाच वर्षं सोडली तर, कार्डिनल्स ११२० एएमच्या केएमओएक्स स्टेशनवर आहेत. आजही आर्कान्सा, टेनेसीकडे कार्डिनल्सचे पिढीजात चाहते भेटतात, त्याचं मूळ या रात्रीच्या लहरींत आहे.

एएम नीट लागत नसेल तर आधी संच हातात घेऊन सावकाश फिरवून पाहा. एएमचा अँटेना संचाच्या आत आडव्या कांडीच्या रूपात असतो. ती कांडी स्टेशनच्या दिशेला काटकोनात आली की आवाज उघडतो, टोक स्टेशनकडे गेलं की बसतो. बाहेर ओढायची उभी दांडी फक्त एफएमसाठी असते, ती एएमला काही करत नाही. मग जवळचे एलईडी दिवे आणि फोनचे चार्जर बंद करा, कारण खरखर बहुतेक वेळा तिथूनच येते. संच खिडकीशी ठेवा. एवढ्याने जो फरक पडतो तो महागडा संच घेऊनही पडत नाही. एफएम स्वच्छ असतं, पण शहर मागे पडलं की तेही मागे पडतं.

मग फोनवर तोच सामना का नाही?

स्टेशनने संघाकडून घेतलेला हक्क असतो तो हवेतल्या प्रक्षेपणाचा. इंटरनेटचा हक्क त्यात येत नाही. २००० मध्ये सगळ्या संघांनी आपले इंटरनेटचे हक्क एकत्र करून लीगच्या एका कंपनीकडे दिले आणि २००१ पासून लीगने इंटरनेटवरच्या समालोचनासाठी पैसे घ्यायला सुरुवात केली. त्यामुळे स्टेशनचा इंटरनेट प्रवाह सामन्याच्या वेळी दुसऱ्या कार्यक्रमाने झाकला जातो. अलीकडे काही स्टेशनांना त्यांच्या शहरापुरता सामना इंटरनेटवर द्यायची परवानगी मिळाली आहे. आपण त्या हद्दीत आहोत की नाही, हे ॲप फोनच्या ठिकाणावरून ओळखतं. हद्दीबाहेर पाऊल टाकलं की पुन्हा गप्पांचा कार्यक्रम.

वैध मार्ग म्हणजे लीगची एमएलबी ऑडिओ ही वर्गणी. महिन्याला काही डॉलर इतकीच तिची किंमत असते आणि तिच्यात सगळ्या ३० संघांचे सगळे सामने, यजमान आणि पाहुणे अशा दोन्ही समालोचनांसह मिळतात. संपलेला सामनाही मागून ऐकता येतो. एमएलबी टीव्ही ही चित्राची वर्गणी घेतली तर ऑडिओ त्यात येतोच, पण ती महाग आहे: २०२४ मध्ये सगळ्या संघांसाठी वर्षाला १४९.९९ डॉलर. टी-मोबाइल या अमेरिकी मोबाइल कंपनीचं कनेक्शन असणाऱ्यांना गेली अनेक वर्षं हंगामाच्या सुरुवातीला ही वर्गणी फुकट मिळत आली आहे. अमेरिकेत शिकणाऱ्या विद्यार्थ्यांनी वर्गणी भरण्याआधी आपलं कनेक्शन कुठलं, हे जरूर पाहावं.

टीव्हीवर ‘तुमच्या भागात उपलब्ध नाही’ येतं, तसं ऑडिओवर येईल का?

नाही, आणि ऑडिओचं सर्वांत मोठं मोल माझ्या मते हेच आहे.

टीव्हीच्या बाबतीत प्रत्येक संघाला एक भूभाग आखून दिलेला असतो. त्या भागातल्या प्रेक्षकाला त्या संघाचा सामना लीगच्या ॲपवर थेट दिसत नाही, तो स्थानिक वाहिनीवरच पाहावा लागतो. याला ब्लॅकआउट म्हणतात. उसाची झोनबंदी आठवा: शेत ज्या कारखान्याच्या कार्यक्षेत्रात, ऊस त्याच कारखान्याला. फरक इतकाच की इथे एकाच शेतावर अनेक कारखाने हक्क सांगतात. आयोवा राज्यात मेजर लीगचा एकही संघ नाही, पण ते तब्बल सहा संघांच्या भागात मोडतं: कब्ज, व्हाइट सॉक्स, कार्डिनल्स, ब्रुअर्स, ट्विन्स आणि रॉयल्स. तिथला माणूस पैसे भरूनही या सहा संघांचे सामने ॲपवर थेट पाहू शकत नव्हता, अशी तिथली कित्येक वर्षांची तक्रार. लास वेगासचीही तीच गत. ज्या प्रेक्षकाला सामना जवळचा, त्यालाच तो मिळू नये, ही व्यवस्था मला मुळातूनच अन्यायाची वाटते. संघ आणि वाहिन्या यांच्यातले जुने करार मोडत चालले आहेत तसे हे नियम सैल होतायत, पण सगळीकडे नाही.

ऑडिओला यातलं काहीच लागू नाही. आयोवात बसून कब्ज ऐका, लास वेगासमध्ये बसून डॉजर्स ऐका, नाहीतर नाशकात बसून दोन्ही ऐका.

गाडीत खूप वेळ जाणाऱ्यांसाठी सिरियसएक्सएम ही उपग्रहावरून येणारी रेडिओ सेवा आहे. २००५ च्या हंगामापासून मेजर लीगचे सामने तिथे आहेत. एएम-एफएमची हद्द ओलांडली तरी सामना तुटत नाही, मात्र वर्गणी एमएलबी ऑडिओपेक्षा बरीच जास्त पडते.

आणि एक पूर्ण फुकट मार्ग आहे, ज्याकडे फार कमी लोक वळतात. मेजर लीगच्या ३० संघांखाली मायनर लीगचे १२० संघ आहेत. त्यांतल्या बहुतेकांचं रेडिओ समालोचन संघाच्या संकेतस्थळावर जगभर फुकट ऐकता येतं. तिथे बहुधा एकच तरुण समालोचक एकट्याने पूर्ण सामना सांगत असतो. वाक्यं साधी, वेग बेताचा. नव्या कानाला हे समालोचन पटकन उमगतं.

टीव्ही असताना रेडिओ कशाला?

२०२१ च्या हंगामात ब्लू जेजच्या प्रसारकांनी रेडिओचं वेगळं समालोचन बंद केलं आणि टीव्हीचाच आवाज रेडिओवर सोडला. श्रोते वैतागले. टीव्हीचा समालोचक चित्र दिसतंय हे धरून बोलतो. चेंडू कुठे गेला, कोण धावतंय, किती गडी बाद, हे तो प्रत्येक वेळी सांगत नाही, आणि त्याने तसं सांगूही नये. गाडी चालवणाऱ्याला मात्र नेमकं तेच हवं असतं. ब्लू जेजनी पुढे रेडिओचं स्वतंत्र समालोचन पुन्हा सुरू केलं.

डॉजर्सचे विन स्कली यांनी १९५० ते २०१६ अशी ६७ वर्षं समालोचन केलं, बहुतेक वेळा माइकपुढे एकट्यानेच. १९५८ मध्ये संघ ब्रुकलिनहून लॉस एंजेलिसला आला तेव्हा सामने कोलिझियम या प्रचंड मैदानात होत. मागच्या रांगांतून खेळ ठिपक्याएवढा दिसे. लोक खिशातले ट्रान्झिस्टर घेऊन येत आणि समोर चाललेला सामना स्कलींकडून समजून घेत. स्वतःच्या डोळ्यांपुढे खेळ चालू असताना दुसऱ्याच्या शब्दांची गरज वाटावी, याहून मोठी पावती समालोचकाला कुठली?

उलट टोकाचं उदाहरण रोनाल्ड रीगन यांचं. राष्ट्राध्यक्ष होण्याच्या कितीतरी आधी, १९३० च्या दशकात, ते आयोवातल्या डब्ल्यूएचओ स्टेशनवरून शिकागो कब्जचे सामने मैदान न बघता सांगत. तारेने येणाऱ्या त्रोटक मजकुरावरून पूर्ण दृश्य उभं करायचं. एकदा तारच बंद पडली, तेव्हा ती सुरू होईपर्यंत त्यांनी बॅटरला एकामागून एक फाउल, म्हणजे रेषेबाहेर जाणारे फटके, मारायला लावले, हा किस्सा ते स्वतः सांगत.

२०२३ पासून पिचरला चेंडू टाकण्यासाठी वेळेची मर्यादा आली आणि सामन्याची सरासरी लांबी ३ तास ४ मिनिटांवरून २ तास ४० मिनिटांवर आली. दोन चेंडूंमधल्या रिकाम्या वेळात जुन्या आठवणी, खेळाडूंचे किस्से सांगायची जी पद्धत होती, तिला आता जागा कमी उरली आहे. नव्या श्रोत्याला हा वेग सोयीचा आहे. मला मात्र जुन्या सामन्यांतल्या त्या सैल गप्पा जास्त आवडतात.

खेळच कळत नाही, तर नुसतं ऐकून काय समजणार?

क्रिकेट ऐकलेल्या कानाला फार वेळ लागत नाही. सुरुवातीला एकच वाक्य ओळखायला शिका, कारण ते दर मिनिटाला येतं: ‘बॉटम ऑफ द सिक्स्थ, वन आउट, रनर ऑन सेकंड, टू अँड वन.’

सामन्यात नऊ डाव असतात. प्रत्येक डावाच्या पहिल्या अर्ध्यात, म्हणजे ‘टॉप’मध्ये, पाहुणे बॅटिंग करतात आणि दुसऱ्या अर्ध्यात, म्हणजे ‘बॉटम’मध्ये, यजमान. तीन गडी बाद झाले की अर्धा डाव संपला. म्हणजे वरच्या वाक्यात सहावा डाव, यजमान बॅटिंगला, एक गडी बाद, एक धावपटू दुसऱ्या बेसवर, म्हणजे धावेच्या वाटेवरच्या दुसऱ्या थांब्यावर. धाव पूर्ण व्हायला त्याला आणखी दोन टप्पे उरले आहेत.

शेवटचे दोन आकडे सर्वांत महत्त्वाचे. पहिला आकडा ‘बॉल’चा, दुसरा ‘स्ट्राइक’चा. पिचरने ठरलेल्या चौकटीबाहेर टाकलेला आणि बॅटरने सोडून दिलेला चेंडू म्हणजे बॉल. असे चार झाले की बॅटर आपसूक पहिल्या बेसवर जातो. चौकटीतून गेलेला किंवा बॅट फिरवून हुकलेला चेंडू म्हणजे स्ट्राइक. तीन झाले की बाद. ‘थ्री अँड टू’ ऐकलं की हातातलं काम थांबवा, कारण आता पिचर आणि बॅटर दोघांच्याही हातात चूक करायची मुभा उरलेली नाही. मागे किंवा बाजूला गेलेला फाउल पहिल्या दोन स्ट्राइकपर्यंतच मोजला जातो, त्यामुळे चिवट बॅटर इथे फाउलवर फाउल मारत टिकून राहतो. मैदानावरचा आवाज चढत जातो आणि समालोचक हळूहळू कमी बोलू लागतो. माझ्या लेखी रेडिओवरचे सर्वांत सुंदर क्षण हेच.

कधी नुसते आकडे ऐकू येतात: ‘सिक्स-फोर-थ्री.’ क्षेत्ररक्षकांना जागेनुसार १ ते ९ क्रमांक असतात. पिचर १, कॅचर २, पहिला बेस ३, दुसरा बेस ४, तिसरा बेस ५, शॉर्टस्टॉप ६, आणि लांबचे तिघे डावीकडून उजवीकडे ७, ८, ९. म्हणजे शॉर्टस्टॉपने चेंडू अडवला, दुसऱ्या बेसकडे फेकला, तिथून पहिल्या बेसकडे, आणि एका चेंडूत दोन गडी गेले. आठवडाभर ऐकलंत की हे आकडे आपोआप चित्र होऊन दिसतात.

इंटरनेटवरचं समालोचन मागे का पडतं?

हवेतला आवाज जवळजवळ त्याच क्षणी पोचतो. इंटरनेटवर तो तुकड्यांत बांधून, साठवत साठवत येतो, म्हणून साधारण अर्धा-एक मिनिट मागे असतो. त्यामुळे स्कोअरची सूचना आधी येते आणि होम रन नंतर ऐकू येतो. ऐकताना सूचना बंद ठेवाव्यात. टीव्हीचा आवाज बंद करून रेडिओ ऐकायची जुनी सवयही यामुळे जुळेनाशी झाली आहे. त्यावर उपाय एमएलबी टीव्हीमध्येच आहे: तिथे चित्रासोबत रेडिओचा आवाज निवडता येतो आणि दोन्ही जुळून चालतात.

एएम संपत चाललंय, मग संच घेऊन काय करायचं?

ही भीती निराधार नाही. विजेवर चालणाऱ्या गाड्यांच्या यंत्रणेमुळे एएममध्ये खरखर येते, म्हणून काही कंपन्यांनी गाडीत एएम देणंच बंद केलं. फोर्डनेही तसं ठरवलं होतं, पण विरोध झाल्यावर मे २०२३ मध्ये निर्णय मागे घेतला. त्याच महिन्यात प्रत्येक नव्या गाडीत एएम सक्तीचं करणारं विधेयक अमेरिकी संसदेत आलं. वादळ, पूर यांत मोबाइल बंद पडला तरी एएम चालू राहतं, हा त्यामागचा मुख्य मुद्दा.

२०२० च्या सुरुवातीला ओकलंड ॲथलेटिक्सने आपल्या बे एरियात, म्हणजे सॅन फ्रान्सिस्को-ओकलंड परिसरात, रेडिओ स्टेशन सोडून फक्त इंटरनेटवर समालोचन द्यायचं ठरवलं होतं. चाहत्यांनी आवाज उठवला आणि त्याच वर्षी हंगाम सुरू होताना संघ एएमवर परतला. डेटा, ॲप, पासवर्ड यांतलं काहीही न लागणारा श्रोता अजून खूप मोठा आहे, आणि त्यात वयस्कर माणसं जास्त. मुलांकडे अमेरिकेत येऊन राहणाऱ्या आई-बाबांना दुपारी वेळ घालवायला बेसबॉल आवडला, तर त्यांच्या हातात फोन देण्यापेक्षा एक बटणाचा साधा संच देणं बरं.

भारतातून ऐकायचं तर

एमएलबी ऑडिओची वर्गणी इथूनही घेता येते. वेळेचं गणित हंगामभर सारखंच राहतं, कारण तो जवळपास पूर्ण अमेरिकेतल्या उन्हाळी वेळेत येतो. न्यूयॉर्कच्या वेळेत साडेनऊ तास मिळवायचे, लॉस एंजेलिसच्या वेळेत साडेबारा. न्यूयॉर्कला संध्याकाळी ७:०५ ला सुरू होणारा सामना आपल्याकडे पहाटे ४:३५ ला लागतो, लॉस एंजेलिसचा ७:१० चा सकाळी ७:४० ला. त्यामुळे डॉजर्स, जायंट्स, पाद्रेज यांचे घरचे सामने पुण्या-मुंबईत ऑफिसला जातानाच्या लोकलमध्ये किंवा बसमध्ये आरामात ऐकता येतात.

पहाटे उठणं जमत नसेल तर पूर्व किनाऱ्यावरचे रविवारचे दुपारचे सामने धरा. तिथले १:३५ म्हणजे आपले रात्रीचे ११:०५. यजमान संघाचं समालोचन निवडा, एकाच संघाला निदान महिनाभर चिकटून राहा. नऊ बॅटर आणि दोन-तीन पिचर ओळखीचे झाले की बाकीचा खेळ त्यांच्या मागोमाग येतो.